चेकवर सही नाही, तरी आरोपी क्रमांक 2?

रानवारा (धागाकर्ता): उधारीच्या भांडणात अख्ख्या घराला आरोपी करायची पद्धत बंद झाली पाहिजे. मुंबईच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं 2013 सालीच सांगितलं, की नवरा-बायकोचं खातं संयुक्त असलं तरी चेकवर सही एकट्या नवऱ्याची असेल, तर चेक न वटल्यावर लागणाऱ्या कलम 138 (निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स कायदा) खाली बायकोवर खटला चालत नाही. तिच्यावरची कारवाई रद्द झाली. 2021 मध्ये दुसऱ्या प्रकरणात हेच पुन्हा सांगावं लागलं: देणं दोघांचं असलं तरी सही न करणारा या कलमाखाली आरोपी नाही. तरीही नोटिशीत बायकोचं नाव येतंच. मग समन्स, जामीन, तारखा आणि शेवटी खटला रद्द करून घ्यायला हायकोर्टाची पायरी. कशासाठी?

पतपेढीवाला: आमच्या खुर्चीत बसून बघा. कर्ज नवऱ्याच्या नावावर, रक्कम वळते बायकोच्या खात्यात, फ्लॅटही तिच्याच नावावर. चेक परत आला की म्हणायचं, "मला काही माहीत नाही." परतीचा मेमो आल्यापासून 30 दिवसांत नोटीस, पुढे 15 दिवस वाट, मग महिन्याच्या आत तक्रार. या धावपळीत एखादं नाव सुटलं तर नंतर भरून कोण देणार?

रानवारा: पैसे तिच्याकडे वळवले असतील तर दिवाणी दाव्यात तिला प्रतिवादी करा, निकालाआधी जप्ती मागा. वसुलीचा रस्ता तो आहे. फौजदारीत नाव घालून घरच्यांना घाबरवायचं आणि तडजोड करून घ्यायची, हे मला सरळ अन्यायाचं वाटतं.

काळी माती: ही सूट जामीनदाराला मात्र लावू नका. गावच्या सोसायटीत आम्ही एकमेकांना जामीन राहतो. करार कायद्याच्या कलम 128 प्रमाणे, करारात वेगळं ठरलं नसेल तर, जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच. त्यानं स्वतःचा चेक दिला आणि तो वटला नाही, तर 138 त्यालाही लागतं. "मी नुसता जामीन होतो" म्हणून सुटका नाही, आणि नसावीच. उसनवार पावतीवरच्या साक्षीदाराचं मात्र वेगळं. त्यानं ना पैसे घेतले, ना फेडायचं कबूल केलं. त्याला 420 मध्ये (आता न्याय संहितेचं 318) ओढायचं, तर फसवायचा इरादा व्यवहाराच्या सुरुवातीपासून होता आणि त्यात हा सामील होता, हे दाखवायला हवं. पैसे बुडाले एवढ्यावर फसवणूक ठरत नाही.

पतपेढीवाला: साक्षीदाराचं मान्य. बायकोचं नाही. दिवाणी दावा वर्षानुवर्षं चालतो. पोरीच्या लग्नासाठी ठेव मोडायला आलेल्या माणसाला मी दाव्याची पुढची तारीख सांगू का?

रानवारा: त्या ठेवीदाराची कळकळ मलाही आहे. पण 2018 पासून त्याच चेकच्या कायद्यात कलम 143अ आहे. चेक देणाऱ्यानं गुन्हा नाकारला की कोर्ट त्याला रकमेच्या 20 टक्क्यांपर्यंत अंतरिम भरपाई द्यायला लावू शकतं. ती मागा, सही करणाऱ्याकडून. राहिली बायको. चेकची झेरॉक्स तक्रारीला जोडलेलीच असते. समन्स काढण्याआधी मॅजिस्ट्रेटनी तेवढी सही बघितली, तरी तिला हायकोर्टात जावं लागणार नाही.