मदत हवी आहे: रेखाळांच्या जादूची किंमत काय ठेवू?

नमस्कार मंडळी. सांगलीत बसून एक अद्भुतरम्य कादंबरी लिहितोय. त्यात कृष्णाकाठी राहणारी 'रेखाळ' नावाची जमात आहे. माणसं नव्हेत ती. बोटांच्या जागी बोरू (बरूच्या लेखण्या), अंगात रक्ताऐवजी काजळ-डिंकाची शाई. लिहितील ते घडतं. आजीने तळहातावर पहिलं अक्षर काढेपर्यंत पोराला सावली पडत नाही.

लिपी मोडीवर बेतली आहे. मोडीत आधी कागदभर रेघा ओढून घेतात, मग शक्यतो हात न उचलता त्याखाली अक्षरं जोडत जातात. म्हणून नियम असा, की ओळ संपायच्या आत हात उचलला तर मंत्र उलटतो. इथवर झकास जमलंय.

घोडं अडलंय किमतीवर, म्हणजे जादू करणाऱ्याला त्याबदल्यात काय गमवावं लागतं त्यावर. लिहिताना अंगातली शाई संपते म्हणावं, तर पैसेवाले रेखाळ गरिबांची विकत घेणारच की! शिवाय २०१९ सारखा महापूर आला आणि लिहिलेलं धुऊन गेलं, तर घडलेलंही पुसलं जावं का? मला ते आवडतंय, पण मग मेलेले परत येतील, आणि ती भानगड नकोय.

आणि हो, मोडी लिहिणारं कुणी असेल तर बोरूला कत (टोकाचा तिरका छेद) कसा देतात तेवढं नीट सांगा.