‘बदलीपात्र’ आणि ‘बदली अधिकारप्राप्त’

खडूफळा: जिल्हा परिषदेच्या बदल्यांत हे दोन शब्द सतत दिसतात. वहिनीचं नाव ‘बदलीपात्र’ यादीत आलंय आणि घरात सुतक पडल्यासारखं वातावरण आहे. शिष्यवृत्तीला पात्र, बढतीला पात्र म्हटलं की पेढे वाटतात. मग इथे उलटं का?

निवृत्त गुरुजी: अहो, माणूस शिक्षेसही पात्र होतोच की! इथे ‘पात्र’ त्या चालीवर घ्या. २७ फेब्रुवारी २०१७ च्या शासन निर्णयापासून हे शब्द रुळले. अवघड क्षेत्रात, म्हणजे दुर्गम, पोचायला कठीण गावांत, ३ वर्षं काढली की शिक्षक ‘अधिकारप्राप्त’, म्हणजे तो दुसऱ्याची जागा मागू शकतो. अवघड नसलेल्या क्षेत्रात १० वर्षं सेवा झालेला ‘बदलीपात्र’, म्हणजे ज्याची जागा मागता येते तो. मागितली की त्याला ‘खो’ बसला. “तुम्हाला खो कुणी दिला?” हा त्या दिवसांत प्रत्येक केंद्रातला पहिला प्रश्न. खो बसलेल्याला पसंतीक्रमातली एकही शाळा मिळाली नाही, तर तो ‘विस्थापित’. धरणग्रस्तांचा शब्द मास्तरांच्या वाट्याला यावा, हे मला अजून पचलेलं नाही.

काळा कोट: ‘अधिकारप्राप्त’ या शब्दानेच निम्मे पक्षकार माझ्याकडे येतात. “साहेब, जीआरमध्ये अधिकार लिहिलाय!” लिहिलाय खरा, पण शासन निर्णय म्हणजे कायदा नव्हे. सर्वोच्च न्यायालयाचा ‘शिल्पी बोस विरुद्ध बिहार राज्य’ (१९९१) हा निकाल प्राथमिक शिक्षकांच्याच बदल्यांचा आहे. काही शिक्षिकांना त्यांच्या विनंतीवरून पतीच्या गावी नेमलं, त्यामुळे हललेले शिक्षक कोर्टात गेले. आजच्या भाषेत खो बसलेलेच. पाटणा उच्च न्यायालयाने बदल्या रद्द केल्या, सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. बंधनकारक वैधानिक नियम मोडला असेल किंवा बदली आकसाने केली असेल, तरच कोर्टाने हात घालावा. नुसत्या प्रशासकीय सूचनांचा भंग झाला असेल, तर वरिष्ठांकडे दाद मागावी.

खडूफळा: पण तीन वर्षांच्या आत बदली नको असा २००५ चा कायदा आहे ना?

काळा कोट: तो राज्य सरकारी कर्मचाऱ्यांसाठी. जिल्हा परिषदेचे शिक्षक त्यात बसत नाहीत. म्हणून त्यांना ‘मॅट’चं, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचं, दारही नाही, थेट उच्च न्यायालयात रिट याचिका.

निवृत्त गुरुजी: ‘आकस’ हा शब्द बरा वापरलात. याचिकांच्या मराठी मसुद्यांत ‘द्वेषमूलक’, ‘दुर्हेतुपुरस्सर’ असलं काहीतरी असतं. शाळेत कुणी तसं बोलत नाही. “सभापतींनी आकसाने लांब टाकलं,” असंच म्हणतात.

काळा कोट: आकस म्हणणं सोपं, दाखवणं अवघड. कुणी, कशावरून, कोणत्या तारखेला, हे मांडावं लागतं. ज्याच्यावर आरोप, त्याला नावानिशी प्रतिवादी करावं लागतं. तिथे बहुतेक गुरुजी मागे सरतात.

खडूफळा: आणि कोर्टाने ‘जैसे थे’ म्हटलं तर वहिनी जुन्याच शाळेत राहणार ना?

काळा कोट: त्या दिवशी त्या कुठे आहेत, यावर ते ठरतं. गटशिक्षणाधिकाऱ्यांनी आदल्या संध्याकाळी एकतर्फी कार्यमुक्त केलं असेल, तर जुन्या शाळेतली जागा हातची गेलेली असते, आणि समोरचा वकील म्हणतो, ‘जैसे थे’ म्हणजे हेच! म्हणून ‘स्थगिती’ मागताना कार्यमुक्तीच्या आदेशालाही मागावी. आणि स्थगिती नसताना घरी बसू नका. निवेदन दिलंय म्हणून रुजू न होणं चालत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने गुजरात वीज मंडळाच्या खटल्यात १९८९ मध्येच सांगितलंय. रुजू व्हा, मग भांडा.

खडूफळा: कार्यमुक्तीचा आदेश अजून हातात पडलेला नाही. सोमवारी येईल म्हणतात.

काळा कोट: मग सोमवारची वाट कशाला बघताय? कागद घेऊन उद्याच या.