अपघाती मृत्यूची भरपाई: वय 39 की 41, आणि वजावट एक तृतीयांश की एक चतुर्थांश?

नवाकोट:
मालट्रकने मागून ठोकरल्याने दुचाकीस्वार जागीच मृत. स्वतःचं वेल्डिंगचं दुकान, महिन्याकाठी 18,000 सुटायचे. मागे बायको, दोन लहान मुलं आणि आई. विमा कंपनीचा कच्चा हिशेब असा: 18,000 मधून एक तृतीयांश वजा, गुणिले 12, गुणिले 14, म्हणजे 20,16,000 आणि वर 70,000. पगारदार नसल्यामुळे भविष्यातली वाढ धरत नाहीत म्हणे. आधारवर वय 41 आहे, शाळा सोडल्याच्या दाखल्यावर 39. मोटार वाहन कायद्याच्या कलम 166 खाली दावा टाकायचाय. आकडा बरोबर आहे का?

हिशेबनीस:
नाही. प्रत्येक पायरीवर काहीतरी कापलंय.

वाढ आधी बघू. सर्वोच्च न्यायालयाच्या प्रणय सेठी निकालापासून (2017) स्वतःचा धंदा करणाऱ्यालाही फ्युचर प्रॉस्पेक्ट्स, म्हणजे भविष्यातली उत्पन्नवाढ, मिळतात: 40 च्या आत 40 टक्के, 40 ते 50 मध्ये 25, 50 ते 60 मध्ये 10. कायम नोकरीवाल्याला हेच 50, 30 आणि 15.

वजावट (मृताचा स्वतःवरचा खर्च): सर्वोच्च न्यायालयाच्याच सरला वर्मा निकालाप्रमाणे (2009) विवाहिताच्या मागे 2-3 अवलंबून असतील तर एक तृतीयांश, 4 ते 6 असतील तर एक चतुर्थांश, त्याहून जास्त असतील तर एक पंचमांश. इथे चौघं आहेत. आईला गाळलं की तिघं उरतात, आणि एक तृतीयांश तिथूनच आलंय.

गुणक (वर्षाची रक्कम वयानुसार कितीने गुणायची तो आकडा): 36-40 ला 15, 41-45 ला 14.

म्हणजे वय 39 धरलं तर 18,000 अधिक 40 टक्के = 25,200; चौथा हिस्सा वजा करून 18,900; वर्षाचे 2,26,800; गुणिले 15 = 34,02,000. वय 41 धरलं तर 22,500, मग 16,875, वर्षाचे 2,02,500, गुणिले 14 = 28,35,000. नुसत्या जन्मतारखेवर 5,67,000 चा फरक पडतोय. सर्वोच्च न्यायालयाने 2024 मध्ये स्पष्ट केलंय की आधार हा जन्मतारखेचा पुरावा नाही, शाळेचा दाखला वरचढ. आपल्याकडे निम्म्या वर्गाची जन्मतारीख 1 जून असते ते सोडा, दाखल्याची मूळ प्रत मुख्याध्यापकांच्या सही-शिक्क्यानिशी काढून ठेवा.

(वय बरोबर 40 भरलं असेल तर गंमत होते: गुणक 15 च, पण वाढ 25 टक्के.)

कंपनीने वर धरलेले 70,000 हे अंत्यविधी, मालमत्ता आणि सहवासाचे, आणि तो 2017 चा दर आहे. दर तीन वर्षांनी त्यात 10 टक्के वाढ होते. ऑक्टोबर 2023 पासूनचा दर: अंत्यविधी 18,150, मालमत्तेचं नुकसान 18,150, सहवास गमावल्याचे 48,400. हे शेवटचे एकट्या बायकोला नाहीत. मुलांना आणि आईलाही प्रत्येकी. चौघांचे 1,93,600 धरून 2,29,900. वय 39 धरून एकूण 36,31,900, वर व्याज वेगळं.

पंचनामा_प्रत:
हिशेब चोख आहे, पण सगळा डोलारा 18,000 वर उभा आहे. ते कशावर सिद्ध करणार? मृत्यूनंतर भरलेलं रिटर्न कोर्ट संशयानेच बघतं. अपघाताआधीची रिटर्न्स, बँकेचा उतारा, गुमास्ता लायसन, लोखंड आणि वेल्डिंग रॉडची खरेदी बिलं, दुकानाचं वीजबिल गोळा करा. नेहमीच्या दोन गिऱ्हाइकांची साक्षही उपयोगी पडते. काहीच नसेल तर कुशल कामगाराच्या किमान वेतनाचा आधार घेतात; मात्र तीच कमाल मर्यादा नाही, हे युक्तिवादात ठणकावून सांगा.

166 मध्ये ट्रकवाल्याची चूक दाखवावी लागते. मागून ठोकर आहे, तेव्हा स्थळ पंचनाम्यातला नकाशा आणि दोषारोपपत्र वाचून बघा. हेल्मेट नव्हतं एवढ्यावर मृताचा दोष धरता येत नाही; त्याने मृत्यूला हातभार लागला हे समोरच्याने दाखवायचं असतं.

नवाकोट:
वडीलही आहेत, पेन्शनर. त्यांना धरायचं का? आणि एलआयसीचे पैसे मिळालेत, ते वजा होतील?

हिशेबनीस:
स्वतःचं उत्पन्न असलेले वडील अवलंबितांत सहसा मोजत नाहीत, पण सहवासाचे 48,400 त्यांच्यासाठीही मागा. म्हणजे एकूण 36,80,300. एलआयसी वजा होत नाही, आयकर मात्र होतो. इथे वर्षाचे 2,16,000 असल्याने तोही प्रश्न नाही.

खेटे:
दोन गोष्टी आज बघा. कलम 164 खालचे 5 लाख चूक सिद्ध न करता मिळतात, पण ते स्वीकारले की 166 चा दावा संपतो. त्यामुळे कंपनीच्या कागदावर सही करण्याआधी वर कोणतं कलम छापलंय ते वाचा. दुसरं, 1 एप्रिल 2022 पासून दाव्याची मुदत अपघातापासून सहा महिने आहे. पोलिसांचा सविस्तर अहवाल यायची वाट बघत बसू नका. दावा कुटुंब राहतं तिथल्या ट्रिब्युनलमध्येही चालतो, अपघाताच्या जिल्ह्यात हेलपाटे घालायची गरज नाही. चालक, मालक आणि विमा कंपनी तिघांना प्रतिवादी करा. चालकाकडे लायसन नव्हतं असं निघालं तरी बहुतेक वेळा कंपनीला आधी भरायला लावून मालकाकडून वसूल करायला सांगतात.

मुलांचा वाटा सज्ञान होईपर्यंत मुदत ठेवीत जातो. शाळेच्या फीसाठी तिमाही व्याज हातात हवं असेल तर ते अर्जातच मागून ठेवा.