स्टंट करणाऱ्याने असिस्टंट डायरेक्शनकडे वळावं का?

झेप_७: पडणं, केबलवर लटकणं आणि मारामारीचं काम करणाऱ्याला पुढे असिस्टंट डायरेक्टर व्हायचं असेल तर सुरुवात कुठून करावी? अंगातली कला तिथे उपयोगी पडते का? आणि एकाच फिल्मवर दोन्ही कामं चालतात का?

क्लॅप_आधी: शेवटचं आधी. एकाच शॉटवर अजिबात नाही. सेटवरच्या सुरक्षिततेवर फर्स्ट एडीने (मुख्य असिस्टंट डायरेक्टरने) लक्ष ठेवायचं असतं. तोच छतावरून उडी मारणार असेल तर "थांबा" कोण म्हणणार?

सुरुवात ब्रेकडाउनपासून करा, म्हणजे प्रत्येक सीनला काय काय लागेल त्याची यादी. पटकथेचं पान आठ भागांत मोजतात. "दोघं जिन्यावरून गडगडतात" ही ओळ कागदावर जेमतेम एक अष्टमांश, पण अर्धा दिवस खाऊ शकते. तिच्यातून काय काय निघतं ते लिहून काढा: दोन डुप्लिकेट, कोपर-गुडघे-कंबरेचे पॅड, एकाच कपड्याचे तीन-चार जोड (पॅड आत मावायला एक माप मोठे), विग, पायऱ्यांच्या कडा झाकायची सोय, रिहर्सल, अँब्युलन्स. नवखा एडी कपड्यांचा एकच जोड मागवतो आणि पहिल्याच टेकला गुडघा फाटला की युनिट बसून राहतं. इथे तुम्ही इतरांच्या पुढे आहात.

खोके_आणि_गादी: यात रीसेटचा, म्हणजे पुढच्या टेकसाठी सगळं पुन्हा लावायचा वेळ धरा, सगळी गणितं तिथेच चुकतात. उंचावरून पडण्यासाठी रिकाम्या पुठ्ठ्याच्या खोक्यांचे थर लावतात, वर गाद्या, आणि खोकी फाकू नयेत म्हणून भोवती दोर. खोकी चेपतात म्हणूनच माणूस वाचतो, त्यामुळे प्रत्येक टेकनंतर चेपलेली बदलावी लागतात. "पाच मिनिटांत पुन्हा" असं तिथे होत नाही. पुठ्ठा ओला झाला तर दम राहत नाही, थर सरळ तळापर्यंत बसतो.

आगीच्या शॉटला क्रम उलटा करा. कॅमेरा, फोकस, लाइट सगळं तयार झाल्यावरच अंगाला आगीपासून वाचवणारं जेल लावायचं. आधी लावून तासभर बसवलं तर जेल सुकतं आणि संरक्षण कमी होतं. जळण्याचे सेकंद "ऍक्शन"पासून नव्हे, पेटवल्याच्या क्षणापासून मोजायचे. आडवं पडणं ही विझवण्याची खूण ठरली असेल तर त्या शॉटमध्ये अभिनयासाठी आडवं पडायचं नाही. हे दिग्दर्शकालाही आधी सांगून ठेवा, कारण ऐन वेळी त्याला ते सुचतंच!

हार्नेसमधल्या (केबलला लटकवायच्या पट्ट्यांमधल्या) माणसाला लेन्स बदलेपर्यंत लटकत ठेवू नका. पायांत रक्त साचतं, चक्कर येते. खाली उतरवा, पट्टे सैल करा.

दुसरं_युनिट: वरचं सगळं मान्य, पण एडीचं काम म्हणजे बहुतेक दिवस संवाद, गर्दी, जेवणाची सुट्टी आणि वॉकी-टॉकी. स्टंटमध्ये कितीही नाव असलं तरी तिथे खालच्या पायरीवरूनच चढावं लागतं. शॉट ठरवायची हौस असेल तर जवळची वाट वेगळी: स्टंट कोऑर्डिनेटर, मग सेकंड युनिट डायरेक्टर (ऍक्शनसारखे शॉट वेगळ्या टीमबरोबर घेणारा दिग्दर्शक). हॉलिवूडचे स्टंटमन याकिमा कॅनट याच वाटेने गेले, 1967मध्ये त्यांना मानद ऑस्कर मिळालं. हॅल नीडमही स्टंटमधूनच दिग्दर्शक झाले. त्यासाठी एडिटिंग शिका. रिहर्सल साध्या कॅमेऱ्यावर शूट करून, कापून दिग्दर्शकाला दाखवा. कोणता ठोसा कोणत्या कोनातून लागल्यासारखा दिसत नाही, ते तिथेच कळतं.

झेप_७: वेळापत्रकाचं काम आवडतं, त्यामुळे एडीच. कॉल शीटवर (दिवसाच्या शूटिंगचं वेळापत्रक) स्टंटची नोंद कशी करायची?

क्लॅप_आधी: सीन नंबरसमोर स्टंटचा प्रकार, कोऑर्डिनेटर, डुप्लिकेटची वेगळी कॉल वेळ (पॅड-हार्नेस चढवायला मुख्य नटाच्या आधी), सेफ्टी मीटिंगची वेळ, जवळचं हॉस्पिटल. मोठा स्टंट दिवसाच्या शेवटी लावू नका. उजेड जात असतो, माणसं थकलेली असतात, आणि "उरकून टाकू" सुरू होतं. ठरलेल्या ऍक्शनमध्ये ऐन वेळी काही बदललं, तर मीटिंग पुन्हा घ्यायची, दोन मिनिटांची का होईना.