मधुमालतीच्या फांद्यांना पालवी फुटते, पण मुळं धरत नाहीत

डोंबिवलीची खिडकी

नमस्कार मंडळी. आमची सोसायटी रीडेव्हलपमेंटला गेली आहे, दिवाळीनंतर इमारत पाडणार. मागच्या कंपाउंडच्या भिंतीलगत आईने लावलेली मधुमालती आता तिसऱ्या मजल्यावर आमच्या ग्रिलमध्ये शिरली आहे. पांढरी, गुलाबी, लाल अशी तिन्ही रंगांची फुलं एकाच घोसात. एवढी जुनी वेल उचलून नेता येणार नाही, म्हणून फांद्या लावायला घेतल्या. मे महिन्यात शेंड्याकडच्या कोवळ्या फांद्या खोचल्या, निम्मी माती आणि निम्मं शेणखत. पालवी छान आली. मग एकेक पान मलूल होत गेलं, आणि उपटून बघितलं तर खालचं टोक काळं, बुळबुळीत. नर्सरीत नवं रोप मिळेल, पण मला हीच वेल हवी आहे. आता पाऊस सुरू झालाय, काय करू?

ठाण्याचा माळी

खालच्या टोकाला रूटिंग पावडर लावा. नसेल तर कोरफडीचा गर लावून बघा. आणि पाणी कमी घाला.

पेणची रोपवाटिका

ताई, पावडरने मदत होते, पण तुमची अडचण वेगळी आहे. पालवी आली म्हणजे फांदी लागली असं धरू नका. फांदीत साठलेली शिदोरी असते, तिच्यावर ती पानं फुटतात. खाली मुळं नसताना वर पानं वाढली की ती शिदोरी लवकर संपते. त्यात कोवळी फांदी, मे महिन्याचं ऊन आणि शेणखताची ओली माती, म्हणजे कुजायला सगळी सोय झाली. मुळं फुटेपर्यंत फांदीला खत नकोच असतं. तिला हवी ओल आणि हवा.

आता फांदी कशी निवडायची ते सांगतो. यंदाच्याच वाढीतली, पण हिरवा रंग जाऊन तपकिरी व्हायला लागलेली, पेन्सिलीएवढी जाड. वाकवली तर लवचिक लागते, पण कोवळ्या शेंड्यासारखी लुळी पडत नाही. सकाळी लवकर कापा. साधारण वीतभर लांबी, तीन-चार डोळे, म्हणजे पानं फुटतात ती पेरं, आले पाहिजेत. खालचा काप डोळ्याच्या लगेच खाली आणि तिरका, वरचा काप सरळ. त्यामुळे उलटी खोचायची भीती राहत नाही. कळ्या, फुलं काढून टाका. वरची दोन पानं ठेवा, तीही कात्रीने निम्मी करा.

वाळू जाडसर घ्या आणि पाणी नितळ येईपर्यंत धुवा. तेवढंच कोकोपीट मिसळा. आधी काडीने भोक पाडून मग फांदी ठेवा. तशीच दाबून खोचलीत तर सालीवरची पावडर वरच पुसली जाते. दोन डोळे आत, दोन बाहेर. वरून बूड कापलेली प्लास्टिकची बाटली पालथी घाला, झाकण दिवसातून एकदा थोडा वेळ उघडा. जागा उजेडाची असावी, पण ऊन किंवा पावसाची थेट धार नको. मूठभर मिश्रण दाबलं की बोटांना ओल लागली पाहिजे, पाणी गळता कामा नये.

चार ते सहा आठवडे लागतात. मध्ये उपटून बघायचा मोह होतो, तो आवरा. नवी मुळी काचेसारखी ठिसूळ असते, एका हिसक्यात तुटते. कुंडीच्या भोकातून पांढरी मुळी डोकावली की समजा लागली. तेव्हा ती काढून रोपाच्या पिशवीत लावा आणि शेणखत तेव्हा द्या.

पण तुमच्याकडे वेळ मोजका आहे, म्हणून फक्त फांद्यांवर अवलंबून राहू नका. दाब कलम करा. खालची एखादी लांब फांदी कुंडीवर वाकवा, डोळ्याजवळची दोन-तीन सेंटिमीटर साल हलकी खरवडा, तो भाग मातीत दाबून वर वीट ठेवा. शेंडा बाहेर राहू द्या. मूळ वेल तिला पोसत असते, त्यामुळे मुळं यायला वेळ लागला तरी ती मरत नाही. आत्ता केलंत तर दिवाळीआधी कापता येईल.

आणि बुंध्याच्या आसपास जमिनीतून कोंब आलेत का, ते बघा. मधुमालती मुळांवरून फुटते.

डोंबिवलीची खिडकी

काका, कोंब आहेत! पेव्हर ब्लॉकच्या फटीतून आलेत, आम्ही ते दरवेळी छाटून टाकायचो. ते काढता येतील? आणि फुलं आईच्या वेलीसारखीच येतील ना?

लीड्सकर

फुलं तीच येणार. फांदी किंवा कोंब म्हणजे त्याच झाडाचा भाग. इथे यॉर्कशायरमध्ये मी हनीसकल असंच वाढवते. त्याची फांदी जुलै-ऑगस्टमध्ये घेतात आणि दोन डोळ्यांच्या मधे कापली तरी तिला मुळं येतात. पण दाब कलमाची खात्री जास्त, हे काकांचं म्हणणं मला इथेही पटतं. दोन्ही वेली जवळच्या नात्यातल्या नाहीत, तरी संध्याकाळी सुगंध सोडून लांब सोंडेच्या पतंगांना बोलावणं दोघींचं सारखंच. मधुमालती इथल्या थंडीत बाहेर टिकत नाही, त्यामुळे तुमच्या ग्रिलचा हेवा वाटतो.

पेणची रोपवाटिका

येतील ताई, पण वरून ओढू नका. कमिटीला विचारून दोन ब्लॉक उचला. कोंबाच्या दोन्ही बाजूंना जाड मूळ लागेल, ते हातभर तुकड्यासकट धारदार खुरप्याने तोडा. मुळाला चिकटलेली माती राहू द्या. वरची वाढ निम्मी छाटून लगेच कुंडीत लावा आणि आठवडाभर सावलीत ठेवा. पानं माना टाकतील, घाबरू नका. नवा फुटवा येईपर्यंत माती नुसती ओलसर ठेवा.

नव्या घरात बाल्कनीत ठेवणार असाल तर कुंडी मोठी घ्या, निदान सोळा इंची. ऊन पाच-सहा तास हवंच, नाहीतर नुसती पानं वाढत राहतील. फुलं नव्या फुटीच्या शेंड्यांवर येतात, म्हणून बहर संपला की छाटणी करायला कचरू नका.

कोंब काढाल त्या दिवशी एक रोप शेजाऱ्यांकडेही ठेवायला द्या. घर बदलण्याच्या गडबडीत एखादी कुंडी हमखास सुकते.