न्यूयॉर्कचं जुनं पेन स्टेशन का पाडलं? कोणी अडवलं कसं नाही?

भटकंती_वेडी:
जुन्या पेन स्टेशनचे काळेपांढरे फोटो बघतेय सध्या. ते दगडी खांब, ते लोखंड आणि काचेचं छत, खाली मुंगीएवढी माणसं. आणि आत्ताचं पेन स्टेशन म्हणजे तळघर, ठेंगणी छतं आणि नुसती धावपळ. १९१० ला उघडलं आणि १९६३ मध्ये पाडायला घेतलं एवढं वाचलंय. पण का? आग नाही लागली, बॉम्ब नाही पडला, मग धडधाकट इमारत ५३ वर्षांत का पाडायची? एवढ्या मोठ्या शहरात कोणालाच काही वाटलं नाही का?

रूळवेडा:
आधी ते बांधलं का ते सांगतो, म्हणजे पुढचं नीट कळेल. पेनसिल्व्हेनिया रेलरोड ही तेव्हाची अवाढव्य कंपनी, पण तिच्या गाड्या हडसन नदीपाशी जर्सी सिटीलाच संपायच्या, तिथून सामानसुमान घेऊन बोटीत बसायचं तेव्हा कुठे मॅनहॅटन. आणि प्रतिस्पर्धी न्यूयॉर्क सेंट्रलच्या गाड्या मात्र थेट शहरात जायच्या! नदीखालून बोगदा काढावा तर वाफेच्या इंजिनाच्या धुराने माणसं गुदमरणार. मग कंपनीचे प्रेसिडेंट अलेक्झांडर कसाट यांनी १९०१ मध्ये पॅरिसला गार दॉर्से हे स्टेशन बघितलं, तिथे विजेच्या इंजिनांनी गाड्या आत आणायचे, आणि मार्ग सापडला. हडसनखालून २ बोगदे, ईस्ट रिव्हरखालून ४, आणि मध्ये हे स्टेशन, २१ ट्रॅक, सगळे जमिनीखाली.

वरची इमारत आर्किटेक्ट चार्ल्स मॅकिम यांची, वेटिंग रूम रोममधल्या कॅराकलाच्या प्राचीन स्नानगृहांवरून बेतलेली, छत साधारण १५० फूट उंच. कसाट १९०६ मध्ये गेले, मॅकिम १९०९ मध्ये. स्टेशन सुरू झालेलं दोघांनीही बघितलं नाही, मला याचं नेहमी फार वाईट वाटतं.

जुन्या_भिंती:
रूळवेडांनी पाया घातलाच आहे, मी पाडण्याचं सांगते. दुसऱ्या महायुद्धात हे स्टेशन तुडुंब भरलेलं असायचं, १९४५ मध्ये १० कोटींच्या वर प्रवासी. युद्ध संपलं आणि लोक मोटारीकडे, विमानाकडे वळले, सरकारचा पैसा हायवेंना आणि विमानतळांना जायला लागला, आणि रेल्वे कंपनी खाजगी, तिला स्टेशनचा खर्च, टॅक्स, सफाई सगळं स्वतःच करायचं. मग स्टेशनच्या वरची जागा, म्हणजे एअर राइट्स, विकायला काढले. १९६२ मध्ये जाहीर झालं की वर मॅडिसन स्क्वेअर गार्डन (बाग नव्हे, खेळ आणि कार्यक्रमांचं मोठं बंदिस्त स्टेडियम) आणि ऑफिसची टॉवर येणार, बदल्यात कंपनीला जमिनीखाली नवं छोटं एसी स्टेशन फुकट आणि गार्डनमध्ये २५ टक्के हिस्सा.

आणि कोणालाच काही वाटलं नाही असं नाही हं. ऑगस्ट १९६२ मध्ये आर्किटेक्ट लोक स्वतः बोर्ड घेऊन स्टेशनसमोर उभे होते, नामवंत आर्किटेक्ट फिलिप जॉन्सन होते, शहरांवर लिहिणाऱ्या लेखिका जेन जेकब्ज होत्या. पण अडवायचं कशाच्या जोरावर? खाजगी मालमत्ता, मालकाला पाडायचीय, आणि ‘ही इमारत शहराचा वारसा आहे’ म्हणून मालकाला थांबवेल असा कायदाच तेव्हा न्यूयॉर्कमध्ये नव्हता. २८ ऑक्टोबर १९६३ ला काम सुरू झालं. खांब, पुतळे बरेचसे न्यू जर्सीच्या दलदलीत नेऊन टाकले. वाचताना आजही अंगावर काटा येतो.

खडीगिट्टी:
कंपनीची बाजू मला अर्धीच पटते. पैसे नव्हते हे खरं, पण ५० च्या दशकात त्यांनीच त्या भव्य हॉलच्या मधोमध एक मॉडर्न तिकीट काउंटर आणून बसवला, दगड वर्षानुवर्षं धुतला नाही, मूळचा गुलाबीसर ग्रॅनाइट काळवंडला. इमारत आधी दुर्लक्षाने कुरूप करायची आणि मग ‘कोणाला हवीये ही आता’ म्हणायचं, हे पाडण्याआधीचं पाडणंच आहे. आणि एवढं करून कंपनी वाचली का? १९६८ मध्ये न्यूयॉर्क सेंट्रलशीच विलीन झाली आणि १९७० मध्ये दिवाळं.

जुन्या_भिंती:
@खडीगिट्टी दुर्लक्षाचा मुद्दा मान्य, पण कायदा नसेल तर चांगला मालकही उद्या विकू शकतो, म्हणून मी कायद्यालाच धरून बसते. तो कायदा एप्रिल १९६५ मध्ये आला, तेव्हा पेन स्टेशन अजून पाडणंच चालू होतं. पण ग्रँड सेंट्रल, म्हणजे न्यूयॉर्कचं दुसरं भव्य जुनं रेल्वे स्टेशन, त्यानेच वाचलं! त्याच्यावरही टॉवर चढवायचा होता, केस सुप्रीम कोर्टापर्यंत गेली आणि १९७८ मध्ये ६ विरुद्ध ३ ने शहराच्या बाजूने निकाल लागला. राष्ट्राध्यक्ष केनेडींच्या पत्नी राहिलेल्या जॅकलीन केनेडी ओनासिस त्या लढ्यात हिरिरीने उतरल्या होत्या.

भटकंती_वेडी:
बापरे, एवढं माहीतच नव्हतं, मनापासून आभार सगळ्यांचे! आता तिथे गेलं तर जुन्यातलं काही बघायला मिळतं का? आणि पाडत होते तेव्हा गाड्या बंद होत्या का?

रूळवेडा:
मिळतं ना. सेव्हन्थ अव्हेन्यूच्या बाजूला मूळचे २ दगडी गरुड ठेवलेत, ४ फिलाडेल्फियात मार्केट स्ट्रीटच्या पुलावर आहेत. फलाटावर उतरणारे काही जुने जिने अजून आहेत, त्यांचे कठडे बघा. आणि एट्थ अव्हेन्यू ओलांडून मॉयनिहन ट्रेन हॉलमध्ये नक्की जा, मॅकिमच्याच फर्मने बांधलेलं ते जुनं पोस्ट ऑफिस, २०२१ पासून तिथे स्टेशनचा हॉल आहे, वर काचेचं छत.

गाड्या बंद नव्हत्या. वर घण पडत होते आणि खाली लोक रोज ऑफिसला जात होते, कारण स्टेशनचं खरं काम जमिनीखालीच होतं आणि ते कोणी पाडलंच नाही. हडसनखालचे ते दोन्ही बोगदे अजून तेच आहेत, २०१२ च्या सँडी वादळात त्यांच्यात खारं पाणी शिरलं, तेव्हापासून दुरुस्तीची टांगती तलवार आहे, म्हणून शेजारी नवीन बोगद्यांचं काम काढलंय.