पवित्र आठवड्यात तरुणांना कोणता येशू दाखवायचा?

मरोळगावची
आमच्या धर्मग्रामात यंदा ईस्टरआधीच्या पवित्र आठवड्यात तरुणांसाठी एक चित्रपट लावायचा आहे. समितीत दोन नावं आली. एक मेल गिब्सनचा २००४ चा 'द पॅशन ऑफ द ख्राइस्ट', दुसरा पासोलिनीने १९६४ मध्ये मत्तयाच्या शुभवर्तमानावर, म्हणजे बायबलातल्या येशूच्या चार चरित्रांपैकी एकावर, केलेला कृष्णधवल इटालियन चित्रपट. बहुतेकांचा कौल पहिल्याला आहे. मी दुसऱ्यासाठी भांडते आहे.

येशूला फटके मारले हे योहान एका वचनात सांगतो, मत्तय आणि मार्क तर अर्ध्या वाक्यात. गिब्सन तिथे कित्येक मिनिटं थांबतो. उलट डोंगरावरचं प्रवचन मत्तयात तीन पूर्ण अध्याय आहे, ५ ते ७, आणि गिब्सनकडे ते एका आठवणीच्या झलकेत उरकतं. सोळा वर्षांच्या पोराला यातून येशूला किती मारलं ते कळेल, का मारलं ते कळणार नाही. तो काय बोलत होता आणि कोणाला झोंबत होतं, हेच गळलं तर मागे फक्त छळ राहतो.

पासोलिनी नास्तिक होता, मार्क्सवादी होता. १९६२ च्या ऑक्टोबरात तो असिसीला गेला होता. पोप तेविसावे जॉन तिथे येणार म्हणून रस्ते माणसांनी भरले, हा खोलीतच अडकला आणि तिथे ठेवलेलं शुभवर्तमान त्याने वाचून काढलं. पुढे चित्रपट त्याच पोपच्या स्मृतीला अर्पण केला. संवाद मत्तयाचे घेतले. येशू झाला एकोणीस वर्षांचा एक स्पॅनिश विद्यार्थी, ज्याने कधी अभिनय केला नव्हता. भोवतालचे चेहरे दक्षिण इटलीतल्या गरीब माणसांचे. आणि क्रुसाखालची म्हातारी मारिया म्हणजे दिग्दर्शकाची सख्खी आई. तिचा धाकटा मुलगा १९४५ मध्ये मारला गेला होता. हे मला चित्रपट पाहिल्यानंतर कळलं, आणि मग तो प्रसंग मी पुन्हा लावून पाहिला. त्या बाईला रडायला कोणी शिकवलेलं नाही.

गोराईकर
बाय, तुझं म्हणणं नीट वाचलं. पण मला ते पटलेलं नाही.

२००४ साली मी, आई आणि दोन मावश्या अंधेरीला जाऊन गिब्सनचा चित्रपट पाहून आलो. आई चौथीपर्यंत शिकलेली. पडद्यावर आरामाईक आणि लॅटिन, खाली इंग्रजी अक्षरं. तिला त्यातलं काहीच कळायला नको होतं. पण पूर्ण वेळात तिने एकदाही मला विचारलं नाही, आता काय चाललंय म्हणून. तिला क्रुसाच्या वाटेची, म्हणजे येशूच्या शेवटच्या प्रवासाची, चौदा स्थानं पाठ आहेत. उपवासकाळातल्या दर शुक्रवारी तिने क्रुसाची वाट केली आहे. पहिल्यांदा पडला, आई भेटली, वेरोनिकाने तोंड पुसलं, दुसऱ्यांदा पडला. ती ते सगळं ओळखत होती. परत येताना रिक्षात एवढंच बोलली, "त्याच्या आईने कसं बघितलं असेल गं."

तुला शब्द महत्त्वाचे वाटतात. आमच्या आया-आज्यांच्या हातात शुभवर्तमान फार उशिरा आलं. त्या गुडघे टेकून शिकल्या. रोमन लोक माणसाला क्रुसावर देत ते येणाऱ्या-जाणाऱ्याला धडकी भरावी म्हणूनच. घराघरांतल्या तसबिरींत येशू इतका गोरा, स्वच्छ आणि शांत असतो की ती धडकी आपण विसरलोय. एकदा बघू देत पोरांना.

बुधवारचा_माहीमकर
गोराईकरांशी सहमत. शिवाय देव न मानणाऱ्याचा चित्रपट पवित्र आठवड्यात कशाला? कल्पनेला माझा विरोध नाही. फादर स्टीफन्सनी १६१६ मध्ये 'ख्रिस्तपुराण' आणलं, जुना आणि नवा करार हजारो मराठी ओव्यांत गुंफला, तेव्हा त्यांनीही पदरची वर्णनं घातलीच. पण ते धर्मगुरू होते, चर्चची परवानगी घेऊन त्यांनी ग्रंथ छापला. लिहिणारा स्वतः गुडघे टेकणारा असला म्हणजे कुठे थांबायचं ते त्याला आतून कळतं.

मरोळगावची
@माहीमकर, सिनेमाला शंभर वर्षं झाली त्या निमित्ताने १९९५ मध्ये व्हॅटिकनने ४५ महत्त्वाच्या चित्रपटांची यादी काढली. धर्माच्या विभागात पासोलिनीचा हा चित्रपट आहे. तो नास्तिक होता हे यादी करणाऱ्यांना ठाऊक नव्हतं असं थोडंच आहे.

दादरचा_चित्रवेडा
मी ख्रिस्ती नाही, तरी या विषयात आम्हा चित्रपटवाल्यांचं मूळ अडकलेलं आहे. १९१०-११ च्या सुमारास फाळक्यांनी मुंबईत तंबूतल्या पडद्यावर येशूचं चरित्र पाहिलं आणि त्यांच्या डोळ्यांपुढे राम, कृष्ण, गोकुळ, अयोध्या उभी राहिली. ३ मे १९१३ ला गिरगावातल्या कोरोनेशनमध्ये 'राजा हरिश्चंद्र' लागला. परदेशी कंपनीने लावलेला येशूचा अर्थ इथे एका मराठी माणसाच्या मनात भलतंच काही पेरून गेला.

मला दोन्ही बाजूंचं एक खटकतं. वेरोनिका चारांपैकी एकाही शुभवर्तमानात नाही, ती परंपरेतून आली. मग गिब्सन ग्रंथाशी प्रामाणिक कसा? आणि 'शब्द मत्तयाचे' म्हटल्याने पासोलिनीही सुटत नाही. कोणता प्रसंग ठेवायचा, कोणता गाळायचा, हे त्यानेच ठरवलं. येशूच्या कथेखाली त्याने जर्मन संगीतकार बाख वाजवला, अमेरिकेतल्या काळ्या लोकांचं भक्तिगीत वाजवलं, काँगोतला मिस्सा म्हणजे उपासनेचं संगीत वाजवलं. हा अर्थ लावणंच झालं, आणि मला ते फार आवडतं.

ग्रंथ जिथे गप्प आहे तिथे दिग्दर्शकाने करायचं काय? बायबलच्या पहिल्या पुस्तकात, उत्पत्तीत, नोहा जलप्रलय ओसरेपर्यंत एक शब्द बोलत नाही. पहिल्यांदा तोंड उघडतो ते नातवाला शाप द्यायला. अशा माणसावर दोन तासांचा चित्रपट करायचा तर त्याच्या तोंडी काहीतरी घालावंच लागतं. अ‍ॅरोनॉफ्स्कीने २०१४ मध्ये त्या मौनात एक भयंकर माणूस बसवला, देवाची इच्छा म्हणून नवजात नातींवर सुरी उगारणारा. लोक चिडले. पण सगळं जग बुडताना ऐकलेल्या माणसाचं मन कसं झालं असेल, हा प्रश्न खोटा आहे का? प्रभातच्या 'संत तुकाराम' मधली आवली घ्या. गाथेतल्या धाग्यावरून ती लेखकाने रचली, आणि तिला काढलं तर तुकोबा जमिनीवर उभे राहत नाहीत.

नवगावकर
मी बेने इस्रायल, म्हणजे मराठी ज्यू, माझगावला राहतो. इथे लिहावं की नाही, यावर बराच विचार केला.

तुमच्या चर्चेत येशू आहे, मारिया आहे, सैनिक आहेत. येशूला क्रुसावर द्या म्हणून ओरडणारा जमाव कोणाचा होता ते कोणी बोललेलं नाही. युरोपात कित्येक शतकं पवित्र आठवड्यात हीच कथा रंगमंचावर व्हायची, आणि पाहून बाहेर पडलेले लोक ज्यूंच्या वस्त्यांवर चालून जायचे. 'याचं रक्त आम्हांवर आणि आमच्या मुलाबाळांवर असो' या अर्थाचं वाक्य चारांपैकी एकट्या मत्तयात आहे. गिब्सनने टीकेनंतर त्याचं खालचं भाषांतर काढलं, पण आरामाईक आवाज तसाच ठेवला. १९६५ मध्ये तुमच्या चर्चने स्पष्ट सांगितलं की येशूच्या मृत्यूचा दोष तेव्हाच्या सगळ्या ज्यूंवर किंवा आजच्या ज्यूंवर टाकता येत नाही. हे तुमच्या हॉलमध्ये बसणाऱ्या मुलांना माहीत आहे का? येशू, त्याची आई, बारा शिष्य, सगळे ज्यू होते, हे?

ग्रंथाची गोष्ट रंगवून सांगण्याला माझा विरोध नाही. आमच्या पणज्यांच्या काळात मुंबईत मोशे आणि योसेफ यांच्यावर मराठीत कीर्तनं होत, पेटी-टाळ घेऊन. पण कीर्तनकार समोर बसलेल्यांना ओळखत असतो. कॅमेरा ओळखत नाही. म्हणून ताई, पासोलिनी दाखवलात तरी मत्तय तोच आहे. ते रक्ताचं वाक्य ज्यात आहे त्या २७ व्या अध्यायाचं काय करणार?

मरोळगावची
नवगावकर, हा प्रश्न मला सुचायला हवा होता, सुचला नाही. पासोलिनीने रोमन सुभेदार पिलातापुढचा, येशूच्या निवाड्याचा प्रसंग दुरून, गर्दीच्या खांद्यांवरून दाखवला आहे, आपणही मागे उभे राहून टाचा उंचावतोय असा. पण एवढ्यावर भागणार नाही हे मान्य. चित्रपटाआधी १९६५ चं ते निवेदन मुलांसमोर वाचलं जाईल, आणि जमाव कोणाचा, हे मी स्वतः बोलेन. तुम्ही याल का? तुमच्या तोंडून ऐकणं वेगळं.

चित्रवेडे, बाखचं पटलं. 'जसंच्या तसं' हा हट्ट मी सोडते. तरी गिब्सन नको, हे कायम. परंपरेतली वेरोनिका मला चालते. पण प्रवचनाला एक झलक आणि चाबकाला कित्येक मिनिटं, हे माप मला चालत नाही.

समितीत काल हात वर झाले. थोडक्यात पासोलिनी. इटालियन कोणालाच येत नाही, म्हणून मराठी अक्षरं मीच टंकते आहे. संवाद मत्तयातलेच असल्याने फादर दिब्रिटोंचं 'सुबोध बायबल' शेजारी उघडं ठेवलंय. पाचव्या अध्यायापर्यंत आले आहे. तिथे येशू इतका भरभर बोलतो की दोन ओळी पडद्यावर मावत नाहीत.

काकू, तुमच्या आईला आणाल का? त्यांना अक्षरं वाचायची गरज नाही.

गोराईकर
माझं मत बदललेलं नाही. आईला आणते. ८६ वर्षांची आहे आता. हॉलला पायऱ्या किती आहेत ते कळव.